अर्ध्या रिंगणातलं घोडं

आमच्या तात्यांनी जीबी घेतलं ते एका घोड्यापायी.

नातेपुत्याबाहेरच्या माणसाला यातलं काही कळायचं नाही, म्हणून घोड्यापासूनच सांगतो. आषाढात माउलींची पालखी फलटण, बरड करत धर्मपुरीला सोलापूर जिल्ह्यात शिरते आणि आमच्या गावात मुक्काम करते. दुसऱ्या दिवशी माळशिरसच्या वाटेवर, सदाशिवनगरजवळ पुरंदावड्याला गोल रिंगण होतं. पताकावाले, तुळशीवाल्या, विणेकरी धावून झाले की अश्व सुटतात. एक स्वाराचा, एक माउलींचा. ते गेले की त्यांच्या टापांखालची माती कपाळाला लावायला जी झुंबड उडते, ती वेगळीच. तात्या हे सगळं दरवर्षी स्टेटसला ठेवत. अडचण एकच. स्टेटस तीस सेकंदांचं. तात्यांची पद्धत अशी की आधी आभाळ दाखवायचं, मग गर्दी, मग स्वतःचं तोंड, आणि 'आपण आत्ता पुरंदावड्यात आहोत' हे दोनदा सांगायचं. एवढ्यात चोवीस सेकंद संपत. उरलेल्या सहा सेकंदांत घोडं दिसायचं, पाव रिंगण पळायचं आणि अंतर्धान पावायचं. मुंबईच्या भाच्याने सलग तीन वर्षं एकच प्रश्न विचारला, "मामा, घोडं पुढं कुठं गेलं?"

तुकडे करून टाकायची सोय होती. एकदा तात्यांनी टाकलेही, पण क्रम चुकला. लोकांनी आधी कपाळाला माती लावली आणि घोडं मागाहून आलं.

मग तात्या मोबाईलच्या दुकानात गेले. मी सोबत होतो. दुकान म्हणजे आठ बाय दहाचा गाळा आणि तो चालवणारं एक पोरगं. पूर्वी हेच पोरगं मेमरी कार्डात गाणी भरून द्यायचं, तीस रुपयांत दोनशे, त्यात शंभर एकच असायची. आता काउंटरवर फोनची कव्हरं माळेसारखी टांगलेली, मागे शंभू महादेवाचा फोटो, आणि पुढ्यात उघडा पाडलेला एक फोन, ज्याचे दात ते जुन्या टूथब्रशने घासत होतं. तात्यांनी दोन फोन नेले होते. स्वतःचा, आणि चार्जिंगची पिन ढिली झालेला काकींचा.

"तात्या, तुम्ही अजून साधंच वापरताय व्हय?" पोराने विचारलं.

या 'साधं' शब्दाकडे मी आदराने पाहतो. फेब्रुवारी २०१४ मध्ये फेसबुकने व्हॉट्सॲप विकत घ्यायचं ठरवलं तेव्हा किंमत १९ अब्ज डॉलर लागली होती. एवढ्या पैशाची वस्तू आमच्या स्टँडजवळच्या गाळ्यात 'साधं' म्हणून एका शब्दात निकालात निघाली. साधं व्हॉट्सॲप, साधा चहा, साधी थाळी. स्पेशल हवं असेल तर जीबी.

"जीबी म्हंजे रोजचं दीड जीबी मिळतंय त्येच का?" तात्या म्हणाले.

"त्ये न्हाय वो. ह्ये येगळं. ह्यात समदं असतंय."

आणि त्याने साडीच्या दुकानात घड्या मोडतात तशी एकेक गंमत उलगडायला सुरुवात केली. "तुम्ही मेसेज वाचला तरी निळी खूण उठत न्हाय. समोरच्याला वाटायचं, वाचलाच न्हाय."

"बरं."

"लास्ट सीन गोठवता येतंय. तुम्ही दिवसभर आत बसा, लोकांना परवाचंच दिसणार."

"बरं."

"कुणाचं स्टेटस बघितलं तरी त्याच्या यादीत तुमचं नाव येत न्हाय."

"बरं, बरं."

"आन् कुणी मेसेज टाकून डिलीट केला, तरी तुमच्याकडं तसाच राहतोय."

तात्यांनी स्टूल पुढे ओढलं. घोड्याचा विषय तिथंच संपला. लांबलचक स्टेटस ठेवता येतं हे पोरगं शेवटी सांगत होतं, पण ऐकायला कुणी नव्हतं.

"ह्या फोनवर पण टाकू का?" पोराने काकींच्या फोनकडे बोट केलं.

"तिला कशाला? तिला फोन उचलता येतोय, तेवढं बास." तात्या उठले. पिनचं काम संध्याकाळपर्यंत होणार होतं. तो फोन मग काकीच बाजारातून येताना घेऊन आल्या.

खरं म्हणजे जीबीमध्ये जे जे होतं ते नातेपुत्यात आधीपासून होतंच. इथे माणसाचं लास्ट सीन कळायला सर्व्हर लागत नाही. स्टँडवरच्या चहावाल्याला विचारा, "तात्या दिसले का?" तो सांगेल, "पावणेदहाच्या फलटण गाडीतनं उतरले, हातात पिशवी हुती, तोंड उतरलेलं. औषध आणलं असंल." लास्ट सीन तर मिळालंच, वर जोडपत्रही. डिलीट फॉर एव्हरीवन ही सोय मात्र पारावर कधीच नव्हती. एका लग्नात आमच्या एका चुलत्यांनी जिलेबीबद्दल जे उद्गार काढले, ते त्यांनी त्याच मांडवात परत घेतले होते. त्याला तीस वर्षं झाली. जिलेबी करणारा आचारी वारला, चुलते वारले, ज्यांचं लग्न ते आजोबा झाले. उद्गार शाबूत आहेत. पोस्टकार्डाचं म्हणाल तर पोस्टमनपासून घरापर्यंत चार जणांनी वाचल्यावरच ते आपल्या हाती पडायचं, आणि "वाचलं का?" असं तेच आपल्याला विचारायचे. निळी खूण याहून निळी काय असणार?

ज्या गावच्या नावातच 'नाते' आहे, त्या गावात खाजगी असं काय राहणार?

अशा गावाच्या हाती कंपनीने कुलूपबंद गोष्ट दिली. एप्रिल २०१६ पासून तर असं झालं की दोघांतला निरोप मधल्या कुणालाच वाचता येत नाही, खुद्द कंपनीलाही नाही. पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्याचं पोस्टकार्ड वाचत आलेल्या समाजाला हा धक्का सोसणं सोपं नव्हतं.

साध्या व्हॉट्सॲपमध्ये लपायची सोय नव्हती असंही नाही. निळ्या खुणा नोव्हेंबर २०१४ मध्ये आल्या, तेव्हा जगभर इतका गलका झाला की त्या बंद करायची सोयही लगेच मागोमाग आली. लास्ट सीनही झाकता येतं. पण त्यात एक अट आहे, आणि ती अट ज्याने घातली तो माणूस मला फार शहाणा वाटतो. तुम्ही तुमची निळी खूण झाकली, तर दुसऱ्याची तुम्हाला दिसणार नाही. तुम्ही तुमचं लास्ट सीन लपवलं, तर दुसऱ्याचं बघायचं नाही. बांधावरच्या भांडणात तलाठ्यालाही सुचणार नाही असा हा चोख निवाडा आहे.

हा निवाडा मी तात्यांना समजावून सांगितला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतला आणि विचारलं, "मग आपला फायदा काय?"

या प्रश्नावर जीबी उभं आहे. आपल्या खिडकीला जाड पडदा हवा, आणि शेजाऱ्याच्या खिडकीला साधी जाळीसुद्धा नको. मी हे तात्यांना हसत हसत लिहितोय खरं, पण परवा एकाने मला मेसेज टाकून पुसला, तेव्हा 'हा मेसेज डिलीट करण्यात आला' या ओळीकडे मी जितका वेळ पाहत बसलो, तितका वेळ मी ज्ञानेश्वरीच्या ओवीवरही थांबलेलो नाही.

आता कंपनीने दिलेली वस्तू फोडून आपल्या सोयीची करून घेणं हे काही आम्हाला नवं नाही. बजाजची एम ८० आठवते का? कंपनीने ती दोन माणसांसाठी काढली होती. आमच्या दूधवाल्यांनी मागचं सीट काढलं, वेल्डिंगवाल्याकडून लोखंडी सांगाडा बसवला आणि दोन्ही बाजूंना किटल्या लटकवल्या. फोंडशिरस, मांडवे, कुरबावी, सगळीकडून ती दुडक्या चालीने दूध घेऊन यायची. ऊसतोडीच्या हंगामात ट्रॅक्टरकडे पाहा. कंपनीने एक हॉर्न दिलेला असतो, मालकाने सहा लावलेले असतात, आणि गाण्यांचे डबे असे की ट्रॅक्टर कारखान्याच्या काट्यावर पोहोचायच्या आधी गाणं पोहोचतं. बुलेटच्या सायलेन्सरबद्दल तर बोलायलाच नको, बोललेलं ऐकू येणार नाही. या सगळ्यात एम ८० घेतलेल्या माणसाला कंपनीने रस्त्यात गाठून "तुम्हाला अधिकृत सीट लागेल" असं म्हटल्याचं ऐकिवात नाही. गाडी त्याची, किटली त्याची, पडला तर तंगडी त्याची.

व्हॉट्सॲपचं तसं नसतं. ते आपण विकत घेतलेलंच नाही. ते चालतं कंपनीच्या सर्व्हरवर, म्हणजे रस्ताही त्यांचाच. आणि फाटकावर ते तपासतात. कसं तपासतात हे समजून घ्यायला आमच्या दूध संकलन केंद्राइतकी चांगली शाळा नाही.

पहाटे दूध घातलं की आधी डिग्री बघतात. काचेची एक नळी दुधात सोडतात. पाणी घातलेलं असेल तर ती जास्त बुडते आणि डिग्री कमी दाखवते. मग काही कलाकार पाण्याबरोबर थोडी साखर टाकतात, डिग्री परत जागेवर. मग केंद्र मशीन आणतं, ते फॅट आणि एसएनएफ दोन्ही सांगतं. मग कलाकार आणखी काही शोधतो. मग तपासायच्या पट्ट्या येतात. म्हशीला यातलं काहीच माहीत नसतं. ती बिचारी दर सकाळी ओरिजनलच देते.

मूळ ॲपवर ते बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. त्यात काही बदलायचं तर ते आधी फोडावं लागतं. फोडलं की सही मोडते, आणि परत बांधताना मोडवाल्याला, म्हणजे जीबीसारखी बदललेली ॲपं बनवणाऱ्याला, स्वतःची सही ठोकावी लागते. सर्व्हरने नळी बुडवली की डिग्री कमी. मग मोडवाला आत साखर टाकतो, म्हणजे ॲपकडून सही विचारली की मूळचीच सांगायची. मग कंपनी नवं मशीन आणते. अँड्रॉइडमध्ये आता अशीही सोय आहे की ॲपच्या सर्व्हरने परस्पर गूगलकडून दाखला मागवावा, की हे ॲप आहे ते मूळचंच ना, आणि प्ले स्टोअरवरूनच आलं ना. या सगळ्याला कंपनीच्या भाषेत पॅच म्हणतात. पॅच म्हणजे ठिगळ. एक लपून भोक पाडतो, दुसरा त्यावर ठिगळ लावतो, पहिला ठिगळालाच भोक पाडतो. अशाने शेवटी जी तयार होते तिला आमच्याकडे गोधडी म्हणतात, आणि ती ऊबदारही असते, पण तिच्यात मूळचं लुगडं कुठलं हे शिवणारणीलाही सांगता येत नाही.

हा खेळ जीबीच्याही आधीचा आहे. २०१२ मध्ये स्पेनमधल्या एका हौशी माणसाने व्हॉट्सॲप प्लस काढलं. त्यात मुख्य आकर्षण म्हणजे रंग बदलता यायचे. त्या काळी माणसं एवढ्यावर खूश व्हायची. जानेवारी २०१५ मध्ये कंपनीने ते वापरणाऱ्यांना चोवीस तासांसाठी बाहेर काढलं. स्क्रीनवर घड्याळ उलटं फिरत होतं, किती तास, किती मिनिटं राहिली ते दाखवत. मागोमाग वकिलाचं पत्र गेलं आणि मूळचं प्लस मिटलं. नाव मात्र उरलं, आणि त्याच्या जोडीला ओजी, जीबी, एफएम, यो अशी गोतावळ्यासारखी नावं वाढली. मार्च २०१९ मध्ये पुन्हा धरपकड झाली, तेव्हा कंपनीने जीबी आणि प्लस यांची नावं घेऊनच सांगितलं की ही आमची नव्हेत. यूट्यूबच्या बाबतीतही हेच. जाहिराती गाळणारं 'व्हान्स्ड' होतं. ॲडव्हान्स्डमधून ॲड काढली की व्हान्स्ड उरतं, एवढी सुबक कोटी करणाऱ्यांना गूगलने मार्च २०२२ मध्ये दुकान बंद करायला लावावं, हे एक विनोदी लेखक म्हणून मला लागलं.

यात सोनाराच्या दुकानातली एक गंमतही आहे. ज्याला कंपनी चोर म्हणत होती, त्याचेच नमुने पुढे तिच्या शोकेसमध्ये दिसू लागले. आपण ऑनलाईन आहोत हे लपवायची सोय ऑगस्ट २०२२ मध्ये साध्यात आली. पाठवलेला मेसेज पुसायला २०१७ मध्ये सात मिनिटं मिळायची, ती त्याच ऑगस्टात दोन दिवसांच्या वर गेली. एका फोनवर दोन नंबर, ज्यासाठी ओजीवर माणसं जीव टाकत, ते ऑक्टोबर २०२३ मध्ये साध्यात आलं. तात्यांना याचा पत्ता नव्हता. ते जीबीत होते. शहरात राहायला गेलेल्या माणसाला गावात डांबरी झाली हे जसं कळत नाही, तसं.

एका ठिकाणी मात्र माझं हसू थांबतं, आणि तिथं मी पूर्णपणे कंपनीच्या बाजूने आहे. साध्या व्हॉट्सॲपमध्ये एका वेळी पाचच ठिकाणी मेसेज पुढे ढकलता येतो. ही मर्यादा भारतात जुलै २०१८ मध्ये आली. त्याच महिन्याच्या एक तारखेला धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला पाच जणांना जमावाने मारलं होतं, मुलं पळवणारी टोळी समजून. त्या अफवा फोनवरूनच फिरत होत्या. मारले गेलेले भिक्षेकरी नाथपंथी डवरी गोसावी होते, आणि त्यातले बहुतेक आमच्याच जिल्ह्यातले, मंगळवेढा तालुक्यातले. जीबीमध्ये ही पाचाची मर्यादा निघते, आणि मेसेज फॉरवर्ड होऊन आला आहे ही खूणही पुसता येते. दुकानातल्या पोराने ही सोय सांगितली तेव्हा माझ्या डोक्यात हे काही आलं नव्हतं. घरी आल्यावर आलं.

तात्यांना मी घाबरवायचा प्रयत्न केला. ऑगस्ट २०२१ मध्ये कॅस्परस्की या सुरक्षा कंपनीला एफएमच्या एका आवृत्तीत ट्रायाडा नावाचा व्हायरस सापडला होता, जो मालकाला न विचारता पैसे कापणाऱ्या सेवा सुरू करू शकतो. पुढच्या वर्षी ऑक्टोबरात यो सापडलं, ते तर खात्याच्या किल्ल्याच बाहेर पाठवत होतं. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपची मालक कंपनी मेटाने अमेरिकेच्या न्यायालयात दावा लावला, की असल्या ॲपवाल्यांनी दहा लाखांहून जास्त लोकांची खाती हाताखाली घातली. म्हणजे शेजाऱ्याच्या घरात बघायला ज्याच्याकडून दुर्बीण घेतली, तोच तिच्या पुढच्या टोकाला डोळा लावून आपल्याकडे बघत बसलेला.

"बघू दे की," तात्या म्हणाले. "भावकीचा ग्रुप आठ दिवस वाचला तर त्योच येडा हुईल."

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्या ग्रुपमध्ये मीही आहे.

पण जीबी टाकताना पोराने 'अनोळखी स्रोत' नावाचं एक दार उघडं केलं होतं, ते तसंच राहिलं होतं. प्ले स्टोअरच्या बाहेरून आलेली एपीके फाईल त्या दारातून आत येते. पुढे लग्नसराईत तात्यांच्या फोनवर पत्रिका आली. फोटो नाही, पीडीएफ नाही, 'लग्नपत्रिका' नावाची एपीके. गेली एकदोन वर्षं पोलीस ओरडून सांगताहेत की असली पत्रिका उघडू नका, ती बँकेचे मेसेज वाचते आणि खातं धुऊन नेते, फसलात तर १९३० ला फोन करा. तात्या बोट ठेवणार एवढ्यात काकी म्हणाल्या, "वर कोन, वधू कोन, नाव न्हाय, गाव न्हाय. आन् पत्रिका आलीय तर आहेर कोन घालणार, तुम्ही का मी?" आहेराचं नाव निघताच तात्यांनी बोट मागे घेतलं. सायबर सुरक्षेचं याहून परिणामकारक प्रशिक्षण मी पाहिलेलं नाही.

काकींचं स्वतःचं व्हॉट्सॲप म्हणाल तर नावाला. ग्रुपमध्ये त्या आहेत, पण एक अक्षर कधी टाकत नाहीत. त्यांचं लास्ट सीन गेल्या बेंदराचं आहे. मी एकदा तात्यांना म्हटलंही, "काकी कधी बघत नाहीत का?" तात्या अभिमानाने म्हणाले, "तिला तसलं येड न्हाय."

आणि मग पालखीच्या मुक्कामादिवशीच तो प्रकार झाला. गावात पाय ठेवायला जागा नाही, तंबू, टँकर, टाळ, आणि लाखभर फोन एकाच टॉवरला लोंबकळलेले. तात्यांनी सकाळी फोन उघडला तर आत जाताच येईना. इंग्रजीत एक ओळ आली होती. मी वाचून दाखवली. तिचा मतलब असा, की लॉग इन करायला तुम्हाला अधिकृत व्हॉट्सॲप लागेल.

"अधिकृत म्हंजे?" तात्यांचा चेहरा उतरला. अधिकृत हा शब्द आमच्याकडे तहसीलमध्येच कानावर पडतो. "सातबारा जोडावा लागतोय का?"

आम्ही दुकानात गेलो. तिथलं दृश्य मी विसरणार नाही. आठ-दहा माणसं उभी, सगळ्यांच्या चेहऱ्यावर दवाखान्याबाहेर असते तसली कळा, आणि कुणीच कुणाकडे बघत नव्हतं. जो तो पोराच्या कानाशी लागून सांगत होता, "जरा स्लो झालाय रं फोन." रांगेत आमच्या भावकीच्या ग्रुपचा ॲडमिन होता, ज्याने दोनच महिन्यांपूर्वी 'जीबीपासून सावधान' असा मेसेज टाकला होता. पाचाहून जास्त ग्रुपांवर एकदम टाकला होता, तेव्हाच मला शंका यायला हवी होती. दुधाच्या हिशोबाचे मेसेज 'बघितलेच नाहीत' म्हणणारे एक गृहस्थ होते. आणि त्यांना रोज हिशोब पाठवून त्यांचं स्टेटस चोरून बघणारा दूधवालाही होता. दोघांची नजरानजर झाली. दोघांनी एकाच वेळी शंभू महादेवाच्या फोटोला नमस्कार केला.

पोराने सगळ्यांना रांगेने साधं टाकून दिलं. जीबीचा बॅकअप वेगळ्या फोल्डरात असतो, तो उचलून आणायची खटपट तात्यांच्या फोनवर काही जमली नाही. तात्यांचे तीन वर्षांचे मेसेज गेले. त्यांचे स्वतःचे गेल्याचं त्यांना वाईट वाटलं नाही. पण लोकांनी पुसलेले मेसेज त्यांनी एवढे दिवस जपून ठेवले होते, ते गेले. जगाने टाकून दिलेलं एवढं साहित्य एका जागी पुन्हा जमणार नाही, असं ते दोन दिवस म्हणत होते.

एक गोष्ट मात्र चांगली झाली. साध्याचं स्टेटस आता तीस सेकंदांचं राहिलेलं नाही, मिनिटभराचं झालंय, हे त्यांना त्या दिवशी कळलं. दुसऱ्या दिवशी पुरंदावड्याला त्यांनी नेहमीप्रमाणे आभाळ, गर्दी, तोंड, 'आपण आत्ता पुरंदावड्यात आहोत' दोनदा, असं सगळं घेतलं, आणि तरी छत्तीस सेकंद उरले. घोडं पुरं रिंगण पळालं. मुंबईहून भाच्याचा मेसेज आला, "मामा, घोडं पोचलं." तात्यांनी तो वाचला, आणि तीन वर्षांत पहिल्यांदा त्यांची निळी खूण उठली.

पुढच्या आठवड्यात थोरल्या बंधूंच्या नातवाची सुपारी ठरली. भावकीच्या ग्रुपवर निरोप आला, पंचवीस माणसं न्यायची. तात्यांना यावर मला काहीतरी खाजगीत कळवायचं होतं. ते त्यांनी ग्रुपवरच टाकलं: 'सुपारीला पंचवीस माणसं कशाला? मुलीच्या बापाला विकायला काढलाय काय?' टाकल्या टाकल्या चूक ध्यानात आली आणि त्यांनी ते पुसलं. पाचसहा सेकंद झाले असतील. मी त्यांच्या शेजारीच ओसरीवर बसलो होतो, म्हणून सांगू शकतो. आम्ही दोघंही फोनकडे बघत राहिलो. कुणाचं काही आलं नाही. थोरल्या बंधूंचं नाही, ॲडमिनचं नाही. त्याचंही आता साधंच होतं.

"कुणी बघितलं न्हाय," तात्या कपाळ पुसत म्हणाले. "साधं बरं हाय गड्या. समद्यांचं साधं असलं म्हंजे बरं असतंय."

तेवढ्यात काकी चहा घेऊन बाहेर आल्या. कपबश्या टेकवल्या, पदराने हात पुसले.

"पंचवीस माणसं जास्त हुत्यात व्हय?" त्या म्हणाल्या. "माझ्या सुपारीला तुम्ही ट्रक भरून आणला हुता."